गवताच्या घरातील माणसे

शेतकऱ्याच्या घराची श्रीमंती कशावरून ओळखावी? शहरातला मनुष्य भिंती आणि छप्पर पाहील. खेड्यातील माणूस मात्र प्रथम अंगणात काय वाळत घातले आहे ते पाहतो. मक्याची कणसे लटकत आहेत, शेंगा पसरल्या आहेत, भोपळ्याचे काप उन्हात पडले आहेत, म्हणजे ह्या घरची माणसे पावसाळ्यात वा हिवाळ्यात उपाशी राहणार नाहीत, असा कौल तो बिनचूक देतो. आज आम्ही आमच्या वाचकांना अशाच एका अंगणात घेऊन जाणार आहोत. वाट लांबची आहे. अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांच्या मध्यभागी शेकडो मैल पसरलेली जी गवताळ मैदाने आहेत, त्यांच्या दक्षिण भागात, कॅन्सस, ओक्लाहोमा आणि टेक्सास ह्या आजच्या प्रांतांच्या नद्याकाठी, ह्या लोकांची गावे होती. जग त्यांना विचिटा म्हणून ओळखते.

ह्या मैदानांवरील लोकांविषयी आपल्यापैकी बहुतेकांची कल्पना चित्रपटांवरून बनलेली असते. डोक्यावर पिसांचा मुकुट, हाती धनुष्य, खाली भरधाव घोडा आणि राहायला कातड्याचा तंबू! त्यांचे नावही आपण ‘रेड इंडियन’ असे ऐकलेले. कोलंबस हिंदुस्थानच्या शोधात निघाला, भलत्याच किनाऱ्याला लागला, आणि तेथील माणसांना त्याने आपल्या देशाचे नाव देऊन टाकले. ती चूक पाचशे वर्षे त्या बिचाऱ्यांच्या कपाळी चिकटून राहिली. वास्तविक ह्या लोकांना स्वतःची नावे होती व आहेत. विचिटा स्वतःला ‘किटिकिटिश’ म्हणवीत. त्याचा अर्थ ‘रॅकूनच्या डोळ्यांचे लोक’ असा सांगतात. रॅकून हे तिकडील मांजराहून थोडे मोठे जनावर. त्याच्या डोळ्यांभोवती काळा पट्टा असतो. विचिटा पुरुष डोळ्यांच्या कडांवर गोंदवून घेत, स्त्रिया हनुवटीवर व अंगावर नक्षी गोंदीत. म्हणून हे नाव. फ्रेंच व्यापाऱ्यांनीही त्यांना ‘गोंदलेले पॉनी’ म्हटले, कारण उत्तरेकडील पॉनी लोकांशी त्यांचे भाषेचे नाते होते.

आता त्यांचे घर पाहू. विचिटांचे घर तंबू नव्हे. ते गवताचे असे, आणि दुरून पाहिले तर मधमाश्यांच्या पोळ्याच्या आकाराचे किंवा मोठ्या गंजीसारखे दिसे. आधी वर्तुळाकार खड्डे घेऊन बेचक्याच्या मेढी रोवावयाच्या, त्यांवर आडव्या तुळया टाकावयाच्या, मग बाहेरून उंच लवचीक वासे उभे करून त्यांची टोके वर एकत्र बांधावयाची. त्या सांगाड्यावर लवचीक काठ्यांची आडवी बांधणी करून खालपासून वरपर्यंत लांब गवताने शाकारणी करीत. घराचा व्यास पंधरापासून तीस फुटांपर्यंत असे. आत मध्यभागी चूल, कडेने उंचावर बांधलेले बिछाने. दहाबारा माणसे सहज राहत. पूर्वेस एक दार व पश्चिमेस एक. सकाळचा सूर्य एका दाराने पाहावा व संध्याकाळचा दुसऱ्याने. शिखरावर चार वाशांची टोके चार दिशांकडे रोखलेली असत, आणि मधला गवताचा निमुळता शेंडा सरळ आकाशाकडे. तो शेंडा सर्वांच्या वर असलेल्या निर्मात्याकडे बोट दाखवितो, असे त्यांचे वृद्ध सांगत. घर बांधताना घरधन्याला रोज वर पाहावयास लावणारी ही योजना आम्हांस फार आवडली.

घराशेजारी चार खांबांचा उघडा मांडव असे. त्याच्या माळ्यावर मका वाळे; उन्हाळ्यात त्याच्या सावलीला बायका काम करीत. पलीकडे शेते. बायसनच्या खांद्याचे रुंद हाड काठीला बांधले की कुदळ तयार होई, आणि त्या कुदळीने विचिटा स्त्रिया मका, घेवडा आणि भोपळा लावीत. शेती हे मुख्यतः स्त्रियांचे राज्य. पुरुषांकडे शिकार, लढाई आणि तंबाखूची लागवड. पिकाचे जे उरेल ते पेवात जाई. होय, वाचकहो, पेवच! जमिनीत खणलेला, तोंडाशी अरुंद व पोटाशी रुंद असा खड्डा. त्यात धान्य भरून वरून तोंड असे बेमालूम बुजवावयाचे की शत्रूला त्याचा पत्ता लागू नये. मका, भोपळा, घेवडा ही पिके मूळची त्याच खंडातील. पोर्तुगीजांच्या जहाजांतून अशी कित्येक रोपे व बियाणी आपल्या किनाऱ्यास लागली, आणि आज ती आपलीच वाटतात. तेव्हा ज्यांना आपण दूरचे समजतो त्या खंडातील स्त्रियांच्या मेहनतीचा घास आपल्या ताटात रोजच पडत आहे.

भोपळ्याची त्यांची एक युक्ती तर आमच्या गृहिणींनी अवश्य लक्षात घ्यावी. भोपळा सोलून त्याच्या लांब फिती कापावयाच्या, त्या उन्हात अर्धवट सुकवावयाच्या, आणि मग त्या फितींची चक्क चटई विणावयाची! ही चटई पूर्ण वाळली की गुंडाळून ठेवता येई, घोड्यावर लादता येई, आणि हिवाळ्यात तिचा तुकडा कापून मांसाबरोबर शिजवता येई. हिला बाजारही मोठा होता. कोमांची व कायोवा हे भटके शेजारी वाळविलेले मांस, कातडी आणि घोडे घेऊन येत, व त्यांच्या बदल्यात मका, तंबाखू आणि ह्या भोपळ्याच्या चटया घेऊन जात. नांगरणारा आणि शिकार करणारा ह्यांचा असा हा संसार एकमेकांवाचून चालत नसे.

तथापि विचिटा केवळ शेतकरी नव्हते. पीक घरात आले की सारे गाव पेवांची तोंडे बुजवून शिकारीला निघे. हिवाळाभर कातड्याच्या तंबूंत मुक्काम, आणि वसंतात पेरणीसाठी पुन्हा गवताच्या घरी. शिकार होती बायसनची. आपल्या गव्याचा हा दूरचा भाऊबंद. घोडा येण्यापूर्वी सामान कुत्र्यांवर जाई; दोन वासे कुत्र्याच्या खांद्यांना बांधून त्यांची मागची टोके जमिनीवरून फरफटत न्यावयाची. घोडा ह्या लोकांनी प्रथम स्पॅनिश सैन्याबरोबर पाहिला, आणि पुढे तो सर्व मैदानांवर पसरला. कोमांची, कायोवा, शायान, लाकोटा ह्या टोळ्यांचे जे घोडेस्वार रूप आपण चित्रांत पाहतो ते म्हणजे अनादि काळापासूनचे नव्हे. ते घोडा आल्यानंतरचे आहे. ह्या टोळ्यांच्या भाषा एकमेकींस कळत नसत, म्हणून हातांच्या खुणांची एक सामाईक भाषा सर्व मैदानांवर चाले. लिपी नव्हती, परंतु इतिहास होता. कायोवा व लाकोटा लोक प्रत्येक वर्षासाठी कातड्यावर एक चित्र काढून ठेवीत. १८३३ च्या नोव्हेंबरात आकाशातून उल्कांचा जो अभूतपूर्व वर्षाव झाला, त्याचे चित्र अनेक टोळ्यांच्या ह्या बखरींत आढळते. ‘तारे पडले तो हिवाळा’ म्हटले की वृद्धांना आपले वय मोजता येई.

ह्या लोकांच्या श्रद्धेविषयी दोन शब्द. निर्मात्याचे त्यांच्या भाषेतील नाव ‘पृथ्वीवर ज्याला कोणी कधी जाणले नाही तो’ अशा अर्थाचे आहे. १९०४ मध्ये जॉर्ज डॉर्सी ह्या अभ्यासकाने त्यांच्या कथा लिहून छापल्या. त्यांत असे आहे की निर्मात्याने एक पुरुष व एक स्त्री निर्माण केली. ती जागी झाली तेव्हा जग अंधारात होते, आणि स्त्रीच्या हाती मक्याचे कणीस होते. हे पुढील सर्व लेकरांचे अन्न, असे तिला सांगण्यात आले. प्रकाश आला, माणसे वाढली, आणि आपले काम संपल्यावर पुरुष पहाटेचा तारा झाला व स्त्री चंद्र झाली. ही कथा आमच्या उत्पत्तीच्या पुस्तकातील नव्हे. परंतु अन्न हे कमाई नसून देणगी आहे ही जाणीव तिच्यात आहे, आणि ती बाळगणाऱ्यास रानटी म्हणण्याचे धाडस आमच्याने होणार नाही.

अशा ह्या लोकांच्या दारी युरोप प्रथम आला तो सोन्यासाठी. १५४१ साली फ्रान्सिस्को वास्केस दे कोरोनादो हा स्पॅनिश सरदार मेक्सिकोच्या उत्तरेकडून मैदानांत उतरला. ज्याला स्पॅनिश लोक ‘तुर्क’ म्हणत अशा एका बंदिवान वाटाड्याने त्याला ‘किविरा’ नामक देशाची वर्णने ऐकविली होती. तेथे नदी इतकी रुंद, नावेच्या नाळेवर सोन्याचे गरुड, आणि राजा ज्या झाडाखाली दुपारी निजतो त्याच्या फांद्यांना सोन्याच्या घंटा! निवडक तीस घोडेस्वार घेऊन कोरोनादो किविराला पोचला. ते किविरा म्हणजेच आजच्या कॅन्ससमधील विचिटांची गावे. तेथे काय सापडले? गवताची घरे, मका, घेवडा, भोपळा. धातू म्हणून एका प्रमुखाच्या गळ्यात तांब्याचा एक तुकडा. पंचवीस दिवस राहून तो परतला. त्यापूर्वी वाटाड्याने कबूल केले की आपणांस मैदानांत भरकटविण्याची कामगिरी त्याला देण्यात आली होती, आणि त्याला गळा आवळून ठार करण्यात आले. राजाला लिहिलेल्या पत्रात कोरोनादोने भूमीची स्तुती केली आहे. माती काळी व कसदार, प्लम, द्राक्षे, तुती मुबलक. म्हणजे त्याने डोळ्यांनी सर्व पाहिले. पण तो सोने शोधीत होता, आणि सोन्याने भरलेल्या डोळ्यांना पेवातले धान्य संपत्ती म्हणून दिसत नाही. आज कॅन्सस हा गव्हाचे कोठार म्हणून जगप्रसिद्ध आहे!

कोरोनादोबरोबर फादर हुआन दे पादिल्या नावाचे एक फ्रान्सिस्कन धर्मगुरू होते. सैन्याने निराश होऊन मेक्सिकोची वाट धरली, तेव्हा ते परतले नाहीत. १५४२ मध्ये थोडे सोबती घेऊन ते पुन्हा किविराकडे चालते झाले. सोबत्यांत आंद्रेस दो काम्पो हा एक पोर्तुगीज शिपाई आणि लुकास व सेबास्तियान ही मेक्सिकोतील दोन स्थानिक ख्रिस्ती माणसे होती. किविराच्या लोकांनी त्यांना ठेवून घेतले. पुढे फादर पादिल्या दुसऱ्या एका टोळीकडे जाण्यास निघाले असता वाटेत त्यांच्यावर हल्ला झाला. सोबत्यांना पळून जाण्यास सांगून ते स्वतः गुडघे टेकून राहिले, व बाणांनी विद्ध होऊन मरण पावले, असे जुन्या वृत्तांतांत आहे. सोबती कित्येक वर्षांच्या पायपिटीनंतर मेक्सिकोस पोचले. आजच्या संयुक्त संस्थानांच्या भूमीवरील पहिले ख्रिस्ती रक्तसाक्षी म्हणून फादर पादिल्यांची गणना होते. आमच्या वाचकांनी सालाकडे लक्ष द्यावे. त्याच १५४२ च्या मे महिन्यात संत फ्रान्सिस झेवियर गोव्याच्या धक्क्यावर उतरले. पृथ्वीच्या दोन टोकांस एकाच वर्षी दोन धर्मगुरू, दोघेही सोन्याकडे पाठ फिरवून, माणसांच्या शोधात निघाले होते.

परंतु आम्ही येथेच थांबलो तर अर्धे सत्य सांगितल्यासारखे होईल. फादर पादिल्यांच्या मागून जे आले ते सर्व पादिल्या नव्हते. क्रूस आणि तलवार पुष्कळदा एकाच तुकडीत चालत, आणि ज्यांच्या दारी ती येत त्यांना दोहोंतील फरक कळणे कठीण होते. १६०१ मध्ये हुआन दे ओन्याते आला, तेव्हा एका गावाचे लोक घरे सोडून निघून गेले. ते एत्सानोआ, आजच्या आर्कन्सस सिटीपाशी, बाराशेहून अधिक घरांचे गाव. तेथे वीस हजारांपर्यंत वस्ती असावी, असा विचिटा विद्यापीठातील पुरातत्त्वज्ञांचा अलीकडील अंदाज आहे. टेक्सासमधील सान साबा येथील मिशन १७५८ साली कोमांची, विचिटा व त्यांच्या मित्रांनी जाळले. दोन धर्मगुरूही मारले गेले. सूड घेण्यास पुढील वर्षी आलेल्या स्पॅनिश फौजेला रेड नदीकाठच्या विचिटांनी आपल्या तटबंदीच्या गावातून परतवून लावले. मग शस्त्रांपेक्षा भयंकर शत्रू आला, तो देवीचा रोग. एकामागून एक साथी आल्या आणि गावेच्या गावे ओस पडली.

पुढील शतकात अमेरिकन सरकार आले. १८३५ मध्ये विचिटांनी त्याच्याशी पहिला तह केला. टेक्सासमधून त्यांना १८५९ मध्ये हुसकावण्यात आले. लगेच यादवी युद्ध पेटले, तेव्हा ते कॅन्ससमध्ये पळाले व नदीकाठी चार वर्षे गवताची घरे बांधून राहिले. १८६७ मध्ये त्यांना परत पाठविण्यात आले, तेव्हा उपासमारीने व रोगाने वाटेत व वाटेपूर्वी अनेक दगावले. त्यांनी रिकाम्या केलेल्या जागी शहर वसले, आणि त्या शहरास नाव देण्यात आले विचिटा! आज ते कॅन्ससमधील सर्वांत मोठे शहर आहे. माणसे काढून नाव ठेवून घेण्याची ही रीत जगात इतरत्रही आढळते. १९०१ मध्ये ओक्लाहोमातील त्यांची सामाईक भूमी मोडण्यात आली. माणशी १६० एकर वाटून देऊन उरलेली सर्व बाहेरच्या वसाहतवाल्यांना सोडत काढून देण्यात आली. तोपर्यंत विचिटा काही शेकड्यांवर आले होते.

मैदानांचा धनी जो बायसन, त्याचीही तीच गत झाली. कोट्यवधी जनावरे कातड्यांसाठी बंदुकांनी मारली गेली; १८८९ च्या गणतीत हजाराच्या आसपास उरल्याचे आढळले. १९०७ मध्ये न्यूयॉर्कच्या प्राणिसंग्रहालयातून पंधरा बायसन आगगाडीने ओक्लाहोमात आणून विचिटा डोंगरांतील अभयारण्यात सोडले. त्यांना पाहावयास कोमांची लोक आपल्या मुलाबाळांसह आले होते. ज्यांच्या बापांनी त्यांच्यावर संसार केला, त्यांच्या मुलांना ते जनावर बोट दाखवून ओळखावे लागले. आज तेथे त्या पंधरांचे शेकडो वंशज चरत आहेत.

जनावर परत आणता येते. भाषेचे तसे नाही, आणि ह्या लेखात आम्हांस जे सांगावयाचे आहे ते हेच. त्या काळी सरकारने आणि निरनिराळ्या ख्रिस्ती पंथांनी, आमच्या कॅथलिक पंथानेही, मूळ रहिवाशांच्या मुलांसाठी निवासी शाळा चालविल्या. शिक्षण द्यावे हा हेतू सांगितला जाई. परंतु अनेक शाळांतून मुलांचे केस कापले जात, नाव बदलले जाई, आणि आईची भाषा तोंडातून निघाली तर शिक्षा होई. दिवंगत पोप फ्रान्सिस हे जुलै २०२२ मध्ये कॅनडाच्या मैदानांवर, मास्क्वासिस येथील क्री लोकांपुढे स्वतः गेले, आणि अशा शाळांत ख्रिस्ती लोकांनी केलेल्या दुष्कृत्यांबद्दल त्यांनी क्षमा मागितली. संयुक्त संस्थानांतील बिशपांनीही २०२४ मध्ये क्षमायाचना केली. पापनिवेदनाचा संस्कार मानणाऱ्यांना ह्यात कमीपणा वाटण्याचे कारण नाही. चूक कबूल केल्यावाचून समेट होत नाही, हे आम्ही आमच्या मुलांना लहानपणीच शिकवितो.

विचिटांची भाषा मोठी नवलाची होती. आपल्या प, फ, ब, भ ह्या ओष्ठ्य वर्णांना तिच्यात जागाच नव्हती. ‘म’ तेवढा होता, आणि तोही केवळ दोन धातूंत. ते धातू कोणते, वाचकहो? एक ‘मका दळणे’ आणि दुसरा ‘कुदळीने शेत खणणे’. एरवी न मिटणारे ओठ शेतावर आणि दळणाशी मात्र मिटत! १९६० च्या दशकापासून डेव्हिड रूड ह्या भाषाशास्त्रज्ञाने ही भाषा वृद्धांकडून ऐकून ध्वनिमुद्रित केली, तिचे व्याकरण लिहिले. ती अस्खलित बोलणाऱ्या शेवटच्या व्यक्ती होत्या डोरिस जीन लमार-मॅक्लेमोर. त्यांना त्यांच्या आजीआजोबांनी वाढविले, म्हणून भाषा त्यांच्या तोंडी राहिली. म्हातारपणी त्या शब्द सांगत, मुलांना शिकवीत, परंतु ज्याच्याशी सहज बोलावे असा कोणी उरला नव्हता. ३० ऑगस्ट २०१६ रोजी त्या निवर्तल्या. मनात आलेली गोष्ट त्याच भाषेत ऐकणारे दुसरे माणूस जगात नसावे, ह्या एकटेपणाची कल्पना आमच्याने करवत नाही.

तरी कथा येथे संपली असे कोणी समजू नये. विचिटा लोक आहेत. ओक्लाहोमात अनाडार्को येथे त्यांचे केंद्र आहे, आणि वाको, कीची व तवाकोनी हे भाऊबंद त्यांच्यात सामील आहेत. आणि त्यांची एक चाल अजून चालू आहे. दर उन्हाळ्यात विचिटा आणि पॉनी एकमेकांच्या गावी जातात. एक वर्ष हे पाहुणे, दुसऱ्या वर्षी ते. कित्येक दिवस एकत्र मुक्काम, जेवणे, गाणी, नाच आणि भेटवस्तू. भाषा गेली, भूमी गेली, पण पाहुणचार गेला नाही. मुद्रित झालेल्या शब्दांवरून तरुण मंडळी जुने बोल शिकण्याचा प्रयत्नही करीत आहेत.

आता शेवटी आमच्या वाचकांसाठी एक छोटेसे काम. ह्या लेखात वर एक शब्द येऊन गेला: पेव. गोव्यात असो, बेळगावकडे असो, वा इंदूर-बडोद्याच्या बाजूस असो, आपल्या घरातील शाळकरी मुलांना विचारून पाहावे की पेव म्हणजे काय. मेढ म्हणजे काय, शाकारणे म्हणजे काय, हेही विचारावे. उत्तर आले नाही तर मुलांवर रागावू नये. चूक त्यांची नाही. त्यांच्यावर कोणी शिक्षा लादली नव्हती. आपणच घरात बोलायचे कमी केले. त्यांना आजीपाशी बसवावे, आणि आजीला सांगू द्यावे. मका दळणाऱ्या हाताबरोबर शब्दही पुढच्या हाती द्यावयाचा असतो. जिच्यापाशी तो आहे ती आजी आज घरात आहे. तिच्यापाशी बसण्यास आजचीच संध्याकाळ बरी.